ओढ्याचा उजवा काठ

४ ऑक्टोबर

खिंडींचं पुस्तक पुन्हा निघणार. धाकट्या मालकांनी आज दुपारी बोलावून सांगितलं. चौतीस वर्षांनी दुसरी आवृत्ती. शिवाय म्हणाले, या वेळी नुसती प्रुफं वाचायची नाहीत, संपादन करायचं. आतल्या पानावर संपादिका म्हणून नाव येईल. माझं.

मी "बरं" म्हटलं आणि जागेवर येऊन बसले. पुढ्यात शब्दकोशाची प्रुफं होती. त्यानंतरच्या तासाभरात त्यांत एकही चूक सापडली नाही. उद्या ती पानं परत वाचायला हवीत.

घरी येऊन ताईंना सांगितलं. ताई म्हणजे माझी नणंद. शाळेत खेळ शिकवायच्या. निवृत्त होऊन चार वर्षं झाली, आवाज अजून मैदानावरच आहे. हे गेल्यापासून आम्ही दोघीच राहतो. त्या म्हणाल्या, "संपादक म्हणजे लेखकाचं खोडायचं आणि वर त्याच्याचकडून आभार मानून घ्यायचे. तुला जमेल, वहिनी."

ही वही दोन वर्षांपूर्वी आणली होती. आज पहिल्यांदा काही लिहावंसं वाटलं.

५ ऑक्टोबर

पहिली आवृत्ती घरी आणून सकाळपासून वाचतेय. छापखान्यातलं माझं पहिलं पुस्तक हे. मी तेवीस वर्षांची होते, नोकरीला लागून महिना झाला होता.

बारा खिंडी, बारा प्रकरणं. प्रत्येक प्रकरणात आधी इतिहास: या खिंडीतून कोण जायचं, बैलांच्या पाठीवर काय असायचं, जकात कुठे घ्यायचे, वाट कधी आणि का मोडली. मग चालायची वाट. लेखक कालव्यांच्या खात्यात सर्व्हेअर होते. सुटीच्या दिवशी डोंगर चालायचे. वाक्यंही मोजून टाकलेली. "कातळ लागतो. कातळात खोबणी आहेत. खोबणीत पाय बसतो." कुठे सुंदर नाही, भव्य नाही. मला तेव्हा वाटलं होतं, वाक्य असंच हवं. अजून वाटतं.

डोंगर मात्र मी एकही चढले नाही.

लेखकाचं डावं-उजवं तेवढं जरा कच्चं होतं. ते मी तेव्हाच नीट लावून दिलं. थोरले मालक चार लोकांत म्हणाले होते, पोरीला नजर आहे. त्या वाक्यावर मी बरीच वर्षं काढली.

८ ऑक्टोबर

धाकट्या मालकांची एक अट आहे. नववं प्रकरण गाळायचं.

त्यांनी पत्रांची फाइल पुढे सरकवली. नवव्या खिंडीची वाट कुणालाही सापडलेली नाही. पहिली आवृत्ती निघाल्याच्या दुसऱ्या महिन्यापासून पत्रं आहेत. सगळ्यांचा मजकूर जवळजवळ एकच. पुस्तकात लिहिल्याप्रमाणे ओढ्याच्या उजव्या काठाने चढलो, पाऊण तासाने उभा कडा लागला, पुढे वाट नाही. पायथ्याची वस्ती मोटाररस्ता झाला तेव्हाच खाली उतरून गेली, त्यामुळे विचारायलाही कुणी नाही. एकाने पेपरात लिहिलं होतं की ही खिंड लेखकाने बहुधा घरात बसून पार केली. ते कात्रणही फाइलीत आहे.

त्यानंतर लेखकाने दुसरं पुस्तक लिहिलं नाही.

मालक म्हणाले, "अकरा खिंडी पुरेत, बाई. एक खोटी निघाली की उरलेल्या अकराही संशयात जातात."

मी म्हटलं, आधी शोधून बघू. त्यांनी विचारलं, कोण शोधणार? मी म्हटलं, मी. तोंडातून निघून गेलं. त्यांनी माझ्या चपलांकडे पाहिलं. डिसेंबरात पुस्तक छपाईला जातंय, म्हणून नोव्हेंबरअखेरची मुदत दिली.

संध्याकाळी बूट घेतले. आयुष्यातले पहिले, नाडीचे.

११ ऑक्टोबर

लेखकांना भेटले. शहाऐंशी वर्षांचे आहेत. लाँड्रीच्या मागच्या बाजूला तळमजल्यावर दोन खोल्या, बाहेरच्या खोलीत सुनेचं शिवणयंत्र आणि कापड बेतायचं लांब टेबल. ते त्या टेबलाच्याच टोकाला बसतात. भिंग घेऊन वाचतात. पुस्तक आलं त्याच वर्षी कामावर मचाणावरून पडले, खुब्याचं हाड मोडलं. डोंगर तिथेच संपले. म्हणजे पत्रं यायला लागली तेव्हा हे कुणाला सोबत घेऊन वाट दाखवू शकत नव्हते.

दुसऱ्या आवृत्तीचं सांगितल्यावर सुनेने यंत्र थांबवून पाहिलं. मी नवव्या खिंडीचं विचारलं.

"उजव्या काठानं," ते लगेच म्हणाले.

मी म्हटलं, लोक उजव्या काठानेच गेले होते, काका.

"हो. मला भेटायला आले ते सगळे तेच म्हणाले. मी म्हणायचो उजव्या काठानं, ते म्हणायचे उजव्याच काठानं." थोडा वेळ भिंगाची दांडी फिरवत राहिले. "दरड आली असेल. नाहीतर माझंच काहीतरी. माणूस खूप खिंडी चालला की दोहोंची मिळून एक होते."

"बाबा, नको आता ते," सून म्हणाली.

निघताना त्यांनी विचारलं, मी तेव्हा छापखान्यात होते का. मी अभिमानाने सांगितलं, तुमचं पुस्तक अक्षर न् अक्षर माझ्या नजरेखालून गेलंय. ते हसले. म्हणाले, मग तुम्ही ते माझ्यापेक्षा नीट वाचलंय.

सून दारापर्यंत आली. सगळ्या जुन्या वह्या त्यांनी रद्दीत घातल्या म्हणाली, तिच्या लग्नाच्या आधीच. तरी अजून कधी जेवताना मध्येच हात थांबतो आणि विचारतात, तिथे कातळ होता ना गं? जिने तो डोंगर पाहिलेला नाही तिला.

घरापर्यंत चालत आले. बूट मुरवायला हवेत.

२० ऑक्टोबर

पाय दुखतायत, लिहिल्याशिवाय झोप येणार नाही.

ताई आणि मी नवव्या खिंडीच्या पायथ्याशी सकाळी सातला पोचलो. ताई पुढे, गळ्यात शिट्टी. ही शिट्टी कशाला, असं विचारलं तर म्हणाल्या, "तू हरवलीस तर वाजवीन. मी हरवले तर तू काय करणार, शुद्धलेखन तपासणार?"

ओढा मोठा आहे, खडकाळ. पुस्तक उघडून मी मोठ्याने वाचलं: "ओढ्याच्या उजव्या काठाने चढत जावे. ओढा डाव्या हाताला राहतो." उजवीकडून चढलो. ओढा डाव्या हाताला होता. मला फार बरं वाटलं. इतकी वर्षं ज्या वाक्यातून डोळे नेले त्यातून आता पाय जात होते. पलीकडच्या काठाला काटेरी जाळी, पाऊल ठेवायला जागा नाही. आमच्या बाजूला मोकळं. पाऊण तास मजेत गेला.

मग कडा. भिंतीसारखा, गुळगुळीत. ताईंनी मान वर करून पाहिलं आणि म्हणाल्या, तुझ्या लेखकाला पंख होते.

दगडावर बसून केळी खाल्ली. मी रडवेली झाले असणार, कारण ताई उठल्या आणि कड्याच्या तळाशी इकडून तिकडे चालत गेल्या. परत येऊन म्हणाल्या, "दरड आली म्हणतात ना ते? कोसळलं की खाली ढिगारा राहतो. ढिगारा कुठाय?"

ढिगारा नव्हता. तळाला जुनी माती, जुनी झुडपं. तिथे कधीच काही कोसळलेलं नाही.

म्हणजे वाट मोडलेली नाही. मग एक तर ती कधी नव्हतीच, नाहीतर ती दुसरीकडे कुठेतरी आहे. उतरताना मी इतकी भरभर चालत होते की दोनदा घसरले. ताईंनी दोन्ही वेळा शिट्टी वाजवली.

२३ ऑक्टोबर

काय दिवस. क्रमाने लिहिते, नाहीतर सगळा गोंधळ होईल.

काकांकडे गेले. ढिगारा नाही हे सांगितलं. त्यांनी विचारलं, कुठून चढलात? उजव्या काठाने, मी म्हटलं. त्यांनी सुनेकडून कापडावर आखायचा खडू मागितला आणि टेबलावर एक नागमोडी रेघ ओढली. वरच्या टोकाला खिंड, खालच्या टोकाला पायथा. खडू माझ्या हातात दिला. तुम्ही चाललात ती वाट काढा.

मी रेघेच्या उजवीकडून वर रेघ ओढली.

त्यांनी भिंग काढलं. वाकून बराच वेळ पाहिलं. मग अगदी हळू म्हणाले, "हा डावा काठ."

मी म्हटलं, काका, हा उजवा.

"पाणी कुठून येतं? वरून. जातं कुठे? खाली. नदीचं तोंड ती जाते तिकडे. पाण्याकडे पाठ करून तुम्ही चढताय, तिचा हात तुम्ही कसा ठरवणार? तिचा उजवा हात हा." त्यांनी रेघेच्या दुसऱ्या बाजूला बोट ठेवलं. कालव्यांच्या खात्यात सगळे असंच म्हणतात. नकाशात असंच असतं. त्यांना वाटायचं सगळं जग असंच म्हणतं.

चौतीस वर्षं. ते उजवा म्हणायचे, लोक उजवा म्हणायचे. दोघांनी एकच शब्द धरून ठेवला होता आणि मध्ये आख्खा ओढा वाहत होता. मी हसायला लागले. तेही हसले. सून यंत्र सोडून आली, तिला काही कळलं नव्हतं, तरी हसत होती.

मग ते म्हणाले, "पण मी सोय करून ठेवली होती. लोकांना काठ कळत नाही, हात कळतो. म्हणून हात लिहिला होता."

मी पान उघडून वाचलं. "ओढा डाव्या हाताला राहतो."

"पुन्हा वाचा."

पुन्हा वाचलं. त्यांनी पुस्तक घेतलं, भिंगातून ती ओळ पाहिली. "असं लिहिलं मी?" म्हणाले. छापून आलेलं त्यांनी कधी पुन्हा वाचलंच नव्हतं. मग स्वतःच म्हणाले, छापलंय म्हणजे लिहिलंच असणार. पुस्तक मिटून माझ्यापुढे ठेवलं. प्रकरण काढून टाका म्हणाले. जो माणूस आपल्याच ओढ्यावर हात चुकला त्याने लोकांना वाट सांगू नये.

मी पुष्कळ सांगितलं. एक शब्द आहे, एवढासा. वाट आहे, ती सापडली, शब्द बदलला की झालं. त्यांनी ऐकलं नाही. खडूची रेघ पंजाने पुसत बसले.

येताना वाईट वाटलं, खरं तर. एवढा नेमका माणूस आणि इतकी साधी चूक. पण त्यांचं डावं-उजवं कच्चं आहे हे मी पहिल्याच महिन्यात ओळखलं होतं. त्यांना आज कळलं.

तरी आनंद मावत नाही. घरी पोचल्यावर दिसलं, सुनेच्या चपला घालून आलेय.

२७ ऑक्टोबर

आहे. वाट आहे.

ओढा उजव्या हाताला ठेवून चढलो. सुरुवातीची जाळी ताईंनी काठीने बाजूला केली, मी मागून कात्री चालवली, कागद कापायची. दोनशे पावलं काटे. हा काठ कुणी करून पाहिला असला तरी इथूनच परत फिरला असणार. मग एकदम मोकळं, पायाखाली फरसबंदी. झिजलेली, पण बसवलेले दगड. मग कातळ. कातळात खोबणी. खोबणीत पाय बसतो.

पाय बसला तेव्हा मी थांबले. हे वाक्य मी कितीदा वाचलंय. त्यात एवढं असेल असं वाटलं नव्हतं.

पुढे कोरलेल्या पायऱ्या. पुस्तकात सत्तेचाळीस आहेत. मी सेहेचाळीस मोजल्या. ताई म्हणाल्या सत्तेचाळीस, पहिली मातीत आहे, तू बघ तरी. परत उतरून पाहिलं. होती. वर पाण्याचं टाकं, त्याच्या बाजूला बैलांची ओझी टेकवायचे ते दोन उभे दगड, आणि मग खिंड. आठ-दहा हात रुंद, वारा नुसता घुसत होता. दोन्हीकडचा मुलूख एकाच वेळी दिसतो. इथून मीठ जायचं. ओझ्याच्या दोरांनी दगडाला खाचा पडल्यात, त्यांत मी बोटं घालून पाहिली. पुस्तकात लिहिलंय तसं अंगठा मावतो.

ताईंनी शिट्टी वाजवली. कुणीच हरवलेलं नव्हतं.

२ नोव्हेंबर

काकांना परवा फोनवर सांगितलं. "बरं झालं," एवढंच म्हणाले. तरी प्रकरण नकोच. आपला हात चुकला हे त्यांच्या मनातून जात नाही. म्हणून ठरवलं, मूळ हस्तलिखित काढावं. नेमकी चूक कशी झाली ते कळलं तर त्यांना समजावता येईल. घाईत लिहिताना झालं असेल, आधी वेगळं लिहून खोडलं असेल.

छापखान्याचा माळा आज पहिल्यांदा उघडला. दुपारी तीनला गठ्ठा सापडला.

हस्तलिखितात खाडाखोड नाही. सरळ, सर्व्हेअरच्या अक्षरात: "ओढा उजव्या हाताला राहतो."

मी शिडीवरच उभी राहिले. चूक त्यांची नाही. जुळाऱ्याची. खिळे जुळवताना शब्द गेला. इतका आनंद झाला की तिथूनच फोन करणार होते. पण गठ्ठ्यात प्रुफंही होती, म्हणून तीही काढली.

प्रुफात जुळाऱ्याने बरोबर जुळवलंय. "उजव्या." त्यावर रेघ आहे. समासात "डाव्या" लिहिलंय. हिरव्या शाईत.

हिरव्या शाईने तेव्हा मी एकटीच तपासायची.

४ नोव्हेंबर

काल कामावर गेले नाही.

आठवतं. उजव्या काठाने चालल्यावर ओढा डावीकडेच येणार, हे शाळेतलं पोरसुद्धा सांगेल, असं वाटलं होतं. दोन वाक्यं एकमेकांना खोटी पाडत होती. मी एकाला सरळ केलं. लेखकाला विचारायला एक पोस्टकार्ड पुरलं असतं. मनातही आलं नाही. शेवटची प्रुफं लेखकाकडे जायची पद्धत नव्हती, त्यामुळे त्यांनी ते पाहिलंच नाही. थोरल्या मालकांनी नजर आहे म्हणून सांगितलं ते याच पुस्तकावरून.

मागची पानं वाचली, या वहीतली. पाच तारखेची आणि तेविसाची. फाडणार होते. फाडली नाहीत.

५ नोव्हेंबर

मालकांना प्रूफ दाखवलं. त्यांनी पाहिलं आणि खुर्ची पुढे ओढून दार लावून घ्यायला सांगितलं. वाट सापडली हे उत्तम, प्रकरण ठेवू, शब्द बदलू. लेखकांना सांगायची गरज नाही. फारच वाटलं तर शेवटी एक ओळ टाकू: पहिल्या आवृत्तीत नजरचुकीने.

मी म्हटलं, नजरचूक नव्हती. नजरेतून सुटतं ती नजरचूक. मी ते पाहिलं आणि बदललं.

ते म्हणाले, "बाई, आतल्या पानावर तुमचं नाव येतंय. त्याच पुस्तकात तुमची चूकही छापायची?"

मी प्रूफ उचलून पिशवीत ठेवलं. त्यांच्या बोलण्यात काही चूक नव्हतं.

६ नोव्हेंबर

ताईंना सांगितलं. त्या भाजी निवडत होत्या, निवडत राहिल्या. मी सगळी बाजू मांडली: ते शहाऐंशी वर्षांचे आहेत, सांगून काय मिळणार, उलट त्रासच, आपलाच हात चुकला हे ते एक प्रकारे मान्य करून बसलेत.

शेवटी म्हणाल्या, "तू अंपायर होतीस. आउट नव्हता, तू दिलास. तो बिचारा पॅव्हेलियनमध्ये बसून चौतीस वर्षं आपली बॅट बघतोय. आता त्याला कोण सांगणार, बॉलर?"

मी म्हटलं, भीती वाटते.

वाटू दे, म्हणाल्या. कड्याखालीपण वाटली होती.

८ नोव्हेंबर

सांगितलं.

आधी हस्तलिखित त्यांच्यापुढे ठेवलं. त्यांनी भिंगातून आपलं वाक्य वाचलं. बोट ठेवून एकेक शब्द. "उजव्या" वर बोट थांबलं आणि तिथेच राहिलं. सून यंत्रावरून उठून मागे येऊन उभी राहिली. मग मी प्रूफ ठेवलं आणि म्हटलं, ही शाई माझी आहे.

त्यांनी विचारलं, वय काय होतं तुमचं? तेवीस. तुम्हाला ते चुकलेलं वाटलं? हो.

"विचारलं का नाही?"

"मला खात्री होती."

"खात्री मलाही होती," ते म्हणाले. आवाज चढला नाही. "लोक म्हणाले खोटं, तरी दोन-चार वर्षं होती. मग जायला लागली. आधी ही खिंड गेली. मग दुसऱ्या. बायकोला सांगायचो, मी ते चाललो होतो ना, ती म्हणायची हो. तिला काय माहीत. ती गेल्यावर हिला विचारायला लागलो." सुनेकडे मान केली. "तुम्ही एक रेघ मारलीत."

समजुतीचं एक वाक्य तयार करून नेलं होतं, ते आठवलं नाही.

"आज जा तुम्ही," म्हणाले.

कागद तिथेच ठेवून आले.

१३ नोव्हेंबर

सुनेचा फोन. बाबा चार दिवस कुणाशी बोलले नाहीत, ते पान उशाशी घेऊन झोपतात, आणि आज सकाळी उठल्या उठल्या म्हणाले, त्या बाईंना बोलवा, चढून आल्यात त्या, मला काही विचारायचंय.

धावतच गेले. ते दाढी करून बसले होते. बसा नाही, चहा नाही, थेट सुरुवात केली. काट्यांच्या नंतर काय लागलं? फरसबंदी. तिला उतार कुठे आहे? मी म्हटलं, आतल्या बाजूला, डोंगराकडे. बरोबर, म्हणाले, पाणी जायला. मग? मग कातळ. "थांबा. कातळाआधी एक वाकलेला खडक आहे. त्याच्याखालून वाकून जावं लागतं." मी म्हटलं, तसा काही लागला नाही. "लागला. तुमच्या लक्षात नाही."

मी ताईंना फोन लावला. वाकलेला खडक होता का? ताई त्यांना ऐकू जाईल इतक्या मोठ्याने म्हणाल्या, होता की, माझं डोकं आपटलं ना त्यावर.

काकांनी टेबलावर थाप मारली. पुढचं मला सांगूच दिलं नाही. पायऱ्या, टाकं, उभे दगड, खाचा, वारा, सगळं तेच सांगत गेले, एकेक पाऊल, आणि प्रत्येक पावलाला बरोबर होते. मी नुसती हो म्हणत होते. सून मला म्हणाली, मॅडम, तुम्ही रडताय, पाणी देऊ का? मला वाटलं होतं मी हसतेय.

रागावले आहेत का, हे विचारायचं राहून गेलं. मध्येच एकदा ते स्वतःच म्हणाले, राग आहे. पण तो आता तुमच्यावर आहे. इतकी वर्षं माझ्यावर होता.

१९ नोव्हेंबर

प्रकरण राहणार. मालकांना सांगितलं, माझं नाव आणि माझी चूक, दोन्ही छापा, नाहीतर दोन्ही काढा. त्यांनी दोन दिवस घेतले आणि छापा म्हणाले.

टीप मी लिहून नेली होती, अर्धं पान. काकांनी वाचायला लावली आणि म्हणाले, फार लांब, खिंडीत एवढं ओझं नेत नाहीत. स्वतः बसून कापली. उरली ती अशी: "पहिल्या आवृत्तीत या वाटेवरचा हात चुकीचा छापला गेला. लेखकाने तो बरोबर लिहिला होता. संपादिकेने बदलला." मी शेवटी "क्षमस्व" घातलं होतं, तेही काढायला लावलं. ते आपल्या दोघांत झालं म्हणाले, छापायचं कशाला.

वाटेचं वाक्यही नवं करू या, मी म्हटलं. लोकांना काठ कळत नाही हे आता ठाऊक आहे. मग तासभर दोघांनी ते वाक्य घडवलं. ते सांगायचे, मी लिहायची, आणि प्रत्येक शब्द पुसण्याआधी मी विचारायची. सातव्या-आठव्या वेळी ते वैतागले. "विचारा, पण एवढं विचारू नका."

२६ जानेवारी

पुस्तक येऊन तीन आठवडे झाले. आज काकांना पायथ्याशी घेऊन गेलो. मोटार जिथपर्यंत जाते तिथून ताईंनी आणि सुनेने खुर्चीसकट उचललं, मी भिंग आणि पाण्याची बाटली घेऊन मागे. ओढ्याकाठी सपाट जागा बघून खुर्ची ठेवली, पाणी आमच्याकडे वाहत येत होतं. ते वर बघत होते, जरी तिथलं काही त्यांना दिसत नसणार.

दहाच्या सुमाराला दोन तरुण मुली आल्या, पाठीवर सॅक, एकीच्या हातात पुस्तक. नवी आवृत्ती, कव्हर लांबूनही ओळखू आलं. आमच्या पुढे तीस-चाळीस पावलांवर थांबल्या. एक म्हणत होती इकडून, दुसरी म्हणत होती तिकडून. मी उठायला लागले. काकांनी माझं मनगट धरलं.

पुस्तकवालीने मोठ्याने वाचलं: "पाणी जाते तिकडे तोंड करून उभे राहावे. उजवा हात ज्या बाजूला, तो उजवा काठ. आता वळून त्या काठाने चढावे. ओढा उजव्या हाताला राहतो."

त्या दोघी वळून आमच्याकडे तोंड करून उभ्या राहिल्या. उजवे हात आडवे पसरले. शाळेतल्या कवायतीसारख्या दिसत होत्या. ताई पुटपुटल्या, कोपर ताठ. मग दोघी गर्रकन वळल्या, ओढा ओलांडला आणि काट्यांच्या बाजूला गेल्या. आम्ही साफ केलेल्या वाटेला लागल्या.

"गेल्या?" काकांनी विचारलं.

"गेल्या."

"कुठल्या बाजूनं?"

"बरोबर बाजूनं."

त्यांनी मनगट सोडलं. जाळीपाशी पोचल्यावर पुस्तकवालीने मागे वळून आम्हाला हात केला. मी तसं काकांना सांगितलं.

"कोणता हात?"

मी म्हटलं, पाहिलं नाही.